तीनशेव्या घराचा दिवस

चला, पाय आत घ्या. शिऱ्या, पांघरुणातून तोंड बाहेर काढ, नाहीतर ऐकू कसं येणार? आणि चिंगे, मध्येमध्ये प्रश्न नकोत. हुंकार तेवढा द्यायचा. हुंकार मिळाला नाही की गोष्ट रुसते, आणि मग माझ्या बापाच्यानंसुद्धा ती परत आणवत नाही.

तर एकदा काय झालं, एक होतं राज्य. लहानसंच. चारी बाजूंनी उंच डोंगर. इतके उंच, की तिथल्या माणसांनी चंद्र कधी बघितलाच नव्हता. बिचारा डोंगरापलीकडेच उगवायचा आणि पलीकडेच मावळायचा. मग चंद्र नाही तर तिथी नाही. पुनव नाही, अवस नाही, चतुर्थीचे मोदक नाहीत. हसता काय? त्यांना मोदक ठाऊकच नव्हते, तर वाईट कशाला वाटेल?

मग दिवस कसे मोजायचे? तर घरांवरून. राज्यात घरं तीनशे, म्हणून वर्षाचे दिवस तीनशे. एकेका घराचा एकेक दिवस. दहा आळ्या होत्या, दर आळीत तीस घरं. म्हणून महिने दहा, आणि महिन्याला म्हणायचे आळी. पहिली राजआळी. मग कुंभारआळी, फुलआळी, साळीआळी, असं करत करत शेवटची डोंगरआळी. कुणी विचारलं, "अहो, तुमच्याकडचं लग्न कधी?" की सांगायचे, "फुलआळीच्या सातव्याला, या हं." आणि राजवाड्यापुढं होती एक दगडी दीपमाळ. तिला तीनशे हात. ज्या घराचा दिवस, त्या घराच्या हातावर पणती. तेच त्यांचं पंचांग.

आणि जसं घर तसा दिवस, बरं का. कुंभारआळीत तारकाकू म्हणून एक भांडकुदळ बाई होती. तिच्या दिवशी नुसता वारा. कुणाचं धोतर उडव, कुणाचं पत्र्याचं झाकण वाजव. साळीआळीत होती कवडीबाई. तिच्या हातून खरकटं पाणीसुद्धा सांडायचं नाही, इतकी चिक्कू. तिचा दिवस एवढास्सा. भात शिजेपर्यंत संध्याकाळ.

आता दिवस यायचा कसा? तर बोलावल्याशिवाय यायचाच नाही. ज्या घराचा दिवस त्या घरच्या माणसानं पहाटे दिवा घेऊन पूर्वेच्या वेशीवर जायचं आणि हाक मारायची, "ये रे दिवसा, आज आमच्या घरी." की मग सूर्य वर. आपल्याकडे म्हणतात, कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही. तिथं राहायचं! एकदा एक बुवा घोरत पडला, तर अख्खं गाव अंधारात दात घासत बसलं.

दिवसभर तो दिवा त्या घरच्या कोनाड्यात जळायचा. संध्याकाळी तोच दिवा घेऊन पुढच्या घरी जायचं आणि म्हणायचं, "आमचा झाला, तुमचा घ्या." पुढच्यानं म्हणायचं, "घेतला. सुखाचा जावो." दिव्यानं पुढच्या घरचा उंबरा ओलांडला, की मग काळोख पडायचा. तोवर नाही. हे नीट लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

शेवटचं, तीनशेवं घर होतं डोंगरावर. घर कसलं, खोपटं. तिथं गोजराबाई राहायची. सुपं-टोपल्या विणायची. नवरा नव्हता. एकच लेक, तिचं नाव हौसा. हौसाच्या डोक्यावर दोन भोवरे होते. वेणी घालताना गोजराबाई रोज करवादायची, "एका भोवऱ्याची पोर हट्टी असते, तुझे तर दोन! कुठून भांग पाडू गं तुझा?" आणि भांग पाडून झाला की दोन्ही भोवऱ्यांवर एकेक टिचकी मारायची.

मग हौसाचं लग्न झालं. कुणाशी? तर राजाच्या बागेतल्या माळ्याशी. माळ्याचं घर राजवाड्याला लागून, राज्यातलं दुसरं घर. म्हणजे बघा हं. वर्षाचा शेवटचा दिवस गोजराबाईचा. मग वर्ष सुरू, पहिला दिवस राजाचा. आणि दुसरा दिवस हौसाच्या सासरचा.

त्या राज्यात एक रीत होती. लेकीनं माहेरी जायचं ते फक्त माहेरच्या दिवशी. वर्षातनं एकदा. उजाडल्यावर जायचं, आणि संध्याकाळी माहेरचा दिवा निघाला की त्याच्याबरोबर निघायचं. आईनं तर लेकीच्या घरी पाऊलसुद्धा टाकायचं नाही. का म्हणजे काय चिंगे, रीत! असल्या रीती करणाऱ्यांना लेकी नसणार, दुसरं काय.

पण हौसा खुशीत होती. नवरा चांगला, सासू चांगली. आणि दोनशे नव्याण्णव दिवस मोजले की तीनशेवा आपला. सकाळी पळत डोंगर चढायचा. आई दारातच उभी असायची. दिवसभर बोलायचं, खायचं, आईनं डोक्याला तेल लावायचं, वेणी घालायची. संध्याकाळी दोघी दिवा घेऊन खाली उतरायच्या. राजवाड्याच्या दाराशी आई दिवा राजाला द्यायची, की काळोख. त्या काळोखात आई वर जायची आणि लेक घरात जायची. मागं वळून बघितलं तरी काही दिसायचं नाही. बरंच होतं ते एका परीनं.

लग्नाला तीन वर्षं झाली आणि त्या वर्षाच्या शेवटच्या दिवशी काय झालं कोण जाणे. गोजराबाई हौसाची वेणी घालत होती. फणी फिरत होती. उन्हं उतरली. हौसा म्हणाली, "आई, निघायला हवं."

"एवढी वेणी होऊ दे," गोजराबाई म्हणाली.

वेणी झाली. गोजराबाईनं बघितलं, म्हणाली, "वाकडी झाली की गं," आणि सोडली. पुन्हा घातली. पुन्हा सोडली. हौसाला कळत होतं, वेणी काही वाकडी नव्हती. पण ती उठली नाही. तिलाही तेच हवं होतं. तिसऱ्यांदा आई म्हणाली, "उठ आता." तर हौसाच म्हणाली, "एकदा अजून घाल ना गं."

इकडे दिवा कोनाड्यातच. मग सूर्य जाईल कुठं? डोंगराच्या कडेला लटकून राहिला. गुरं वेशीत उभी, घरी जावं का चरायला जावं कळेना. पाखरं झाडाभोवती फिरून फिरून दमली. पोरं भुकेजली, कारण दिवेलागण झाल्याशिवाय जेवायचं नाही ना! आणि राजा? उद्या राजाचा दिवस, वर्षाचा पहिला. म्हणून तो नवं पागोटं बांधून, हातात ओवाळणीचं ताट घेऊन दारात उभा. पाय बदलून बदलून पाय दुखले. हात गळून गेले. पागोटं कपाळावर घसरलं. पाहुणे गालातल्या गालात हसायला लागले.

शेवटी गोजराबाई दिवा घेऊन खाली आली. बोलणी नकोत म्हणून हौसाला तिनं आधीच घरात धाडलं होतं. "आमचा झाला महाराज, तुमचा घ्या."

राजाच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "इतका वेळ काय करत होतीस?"

"लेकीची वेणी घालत होते, महाराज."

"वेणी! तुझ्या वेणीपायी सगळं राज्य ताटकळलं! ज्या घराला दिवस आवरता येत नाही, त्या घराला दिवसच नको."

गोजराबाई हात जोडून उभी राहिली. राजानं दिवा ओढून घेतला. काळोख पडला. ती एकटी डोंगर चढून गेली. ती दारात पाऊल ठेवते न ठेवते, तोच राजानं घण आणवला आणि दीपमाळेचा तीनशेवा हात फोडून टाकला. हौसानं घरातून आवाज ऐकला. आवाज कसला ते तिला तेव्हा कळलं नाही.

मग वर्ष सुरू झालं. राजआळी गेली, कुंभारआळी गेली, फुलआळी गेली. हौसा दिवस मोजत होती. डोंगरआळी आली. अठ्ठावीस, एकोणतीस. दोनशे नव्याण्णवाव्या घरी तात्या म्हणून एक म्हातारे होते, डोंगराच्या पायथ्याला राहणारे, गोजराबाईचे शेजारी. त्यांच्या दिवसाच्या रात्री हौसाला झोप नाही. आईसाठी तिनं लाडू बांधले. पहाटे केस धुतले, वेणी मुद्दाम घातली नाही. आणि उजाडलं. बघते तर राजवाड्यावर तोरणं. राजाचा दिवस! मधला दिवस आलाच नव्हता.

"आणि माझ्या आईचा दिवस?" ती सासूला म्हणाली.

सासूनं पदर डोळ्यांना लावला. तिनं दीपमाळेकडं बोट दाखवलं. तीनशे हातांतला एक तुटका, तो हौसानं आजवर नीट बघितलाच नव्हता. तेव्हा हौसाला तो आवाज कळला.

हौसानं रीतभात खुंटीला टांगली आणि तशीच धावत सुटली. डोंगर चढायला लागली. वर खोपटं दिसत होतं. चुलीचा धूर छपरातून निघाला होता आणि निघाला होता तसाच हवेत थांबला होता. हलत नव्हता. ती चढली, चढली. दुपार झाली. खोपटं होतं तेवढंच लांब. लाडवांचं गाठोडं जड झालं. संध्याकाळ झाली, पाय सोलवटले, आणि मागं वळून बघते तर तात्यांचं घर दहा पावलांवर. तात्या ओट्यावर बसून रडत होते. म्हणाले, "पोरी, ज्या घराला दिवस नाही, तिथं पोचायला वाट कुठून असणार? मी पण रोज हाका मारतो. माझ्या हाकासुद्धा तिथं पोचत नाहीत."

मग हौसा गेली राजाकडं. राजाची लेक मंजुळा तेव्हा रांगत होती. राजा तिला खेळवत होता, आणि ती त्याचं पागोटं सोडत होती. हौसा म्हणाली, "महाराज, माझं माहेर परत द्या. चूक माझी. शेवटची वेणी मी मागितली होती."

राजा म्हणाला, "तुटलेला हात पुन्हा जोडायचा तर दिवस पुरवायला नको? तो मी कुठून आणू? जा, राज्यातल्या दोनशे नव्याण्णव घरांकडून माग. ज्याच्या-त्याच्या दिवशी, ज्याच्या-त्याच्या दिव्यातलं तेल, घरटी एक थेंब. एक घर जरी कमी पडलं तरी चालणार नाही." आणि हसला. त्याला ठाऊक होतं, कुणी स्वतःच्या दिवसातलं देत नाही. एक थेंब तेल गेलं, की तो दिवस पापणी लवण्याइतका आखूड होतो. आणि तुम्हाला सांगते, माणूस एक वेळ घासातला घास देईल, पण स्वतःचा वेळ? नाव नको.

हौसानं मात्र ते खरं धरलं. दोन भोवऱ्यांची ना ती! एक मातीची बुधली घेतली. पहिला थेंब सासरच्या दिव्यातला घातला. सासूच म्हणाली, "घाल गं, एकाला दोन घाल." मग रोज संध्याकाळी ज्याचा दिवस त्याच्या दारात जाऊन उभी राहायची. म्हणायची, "माहेरासाठी एक थेंब द्या."

कुणी लगेच दिला. कुणी म्हणालं, "पुढच्या वर्षी बघू." पुढचं वर्ष म्हणजे पुन्हा तीनशे... नाही, आता दोनशे नव्याण्णव दिवस थांबायचं. हौसा थांबायची. मध्ये तिला मुलगा झाला, मग मुलगी झाली. मुलीच्या वेळी कळा यायला लागल्या तेव्हा ती "आई गं" म्हणून ओरडली, आणि मग डोंगराकडं तोंड करून गप्प झाली. खिडकीतून रोज तो धूर दिसायचा. तसाच, थांबलेला. काम करता करता तिचा हात थांबायचा, ती त्या धुराकडं बघायची, आणि पुन्हा कामाला लागायची. कुणाशी बोलायची नाही. काय बोलणार? माहेरची आठवण काढायला कुणापुढं जायचं असतं, तर आईपुढं. तीच नव्हती.

तारकाकू काही देईना. "माझा दिवस माझा! तू कोण टिकोजीराव लागून गेलीस?" मग एका वर्षी हौसा तिच्या दिवशी सकाळीच जाऊन बसली. तारकाकू भांडत होती, हौसा ऐकत होती. उलट उत्तर नाही, मान हलवणं नाही, डुलकी नाही. वाऱ्यानं हौसाचा पदर तीनदा उडाला. संध्याकाळी तारकाकूचा घसा बसला. म्हणाली, "अगं, एवढं माझं कुणी ऐकून घेतलं नव्हतं कधी. घे बाई थेंब. चांगला टपोरा घे." बघा, भांडणाऱ्या बाईलासुद्धा कुणी ऐकणारं लागतं.

कवडीबाईनं सात वर्षं दार उघडलं नाही. आठव्या वर्षी फटीतून म्हणाली, "मला माहेर नाही. कधीच नव्हतं. मला कुणी दारात टाकून गेलं होतं. मग तुला कशाला हवं माहेर?"

हौसा दारातच बसली. तिला राग आला नाही, रडू आलं. म्हणाली, "मावशी, माझं परत मिळालं तर तुम्ही माझ्या माहेरी या. माझी आई तुमची पण वेणी घालेल. ती तीन तीनदा घालते."

आत कडी वाजली. मग दार उघडलं. कवडीबाईनं दिवा दोनदा पुढं केला नि मागं घेतला, जन्मात पहिल्यांदा काही देत होती ना! तिनं थेंब दिला. आणि काय सांगू, त्या वर्षीपासून तिचा दिवस जरा मोठा झाला. कमी व्हायचा तो मोठा कसा झाला, ते मला विचारू नका.

झाले दोनशे अठ्ठ्याण्णव. राहिला एक. राजाच्या दिव्यातला.

राजाचा दिवा संध्याकाळी कुणाकडं यायचा? दुसऱ्या घराकडं. म्हणजे हौसाकडंच! दर वर्षी ती राजवाड्याच्या दारात जाऊन उभी राहायची. राजा म्हणायचा, "आमचा झाला, तुमचा घ्या." ती म्हणायची, "घेतला, सुखाचा जावो. महाराज, एक थेंब?" राजा म्हणायचा, "राजाच्या दिवसातलं काही मिळायचं नाही." आणि पाठ फिरवायचा. असं एक वर्ष नाही, दोन वर्षं नाही. वीस वर्षं गेली. हौसाचे केस कानापाशी पिकायला लागले. दीपमाळेचा हात फोडला तेव्हा आई होती चाळीस वर्षांची, आणि आता हौसाही चाळीस वर्षांची झाली.

शिऱ्या झोपला का? झोपू दे. तू ऐक.

त्या वर्षी राजाच्या मंजुळेचं लग्न झालं. डोंगर ओलांडून पलीकडं दिली तिला. आणि रीत म्हणजे रीत, राजाच्या लेकीलाही तीच. वर्षातनं एकदा, माहेरच्या दिवशी. राजानं कसेबसे दिवस काढले म्हणतात. मग त्याचा दिवस आला आणि मंजुळा आली. वाड्यात नुसती धांदल.

संध्याकाळ झाली. हौसा पदर डोक्यावरून घेऊन दारात उभी राहिली. राजा काही येईना. सूर्य डोंगराच्या कडेला लटकला. गुरं वेशीत थबकली. पाखरं फिरायला लागली. पोरं रडायला लागली. लोक जमले. तारकाकू पदर खोचूनच आली. "अगं, बघतेस काय? बोंब मार! गोजराला काय म्हणाला होता हा? आज याचाच न्याय याला. कुणीतरी घण आणा रे, याचाही हात फोडू!"

खरं सांगायचं तर हौसाच्याही मनात ते आलं होतं. वीस वर्षं होतं मनात. तिनं उघड्या दारातून आत बघितलं. राजा जमिनीवर बसला होता. मंजुळा त्याचं पागोटं बांधत होती. शेवटचा वेढा झाला की राजा म्हणायचा, "वाकडं झालं गं," आणि स्वतःच सोडायचा. "एकदा अजून बांध."

हौसानं दाराकडं पाठ केली. लोकांना म्हणाली, "कुणी ओरडू नका. लेक आलीय त्यांची. बसू द्या थोडं." आणि पायरीवर बसली. तारकाकू तोंड उघडून उभी राहिली आणि मग तीही बसली. मग सगळे बसले.

फार वेळानं राजा दिवा घेऊन बाहेर आला. डोळे लाल. पागोटं खरंच वाकडं. "आमचा..." म्हणाला, आणि पायरीवर बसलेली हौसा त्याला दिसली. सगळे भुकेले, दमलेले लोक दिसले. दीपमाळेचा तुटका हात दिसला. 

"केव्हाची बसलीस?" त्यानं विचारलं.

"झाला थोडा वेळ."

"ओरडली का नाहीस?"

"लेक माहेरी असताना बाहेरून ओरडू नये, महाराज," हौसा म्हणाली. "मला ठाऊक आहे ना."

राजा मटकन् पायरीवर बसला. एवढा मोठा राजा, पण लहान पोरासारखा रडला. ज्याचं जळतं त्याला कळतं, बाळांनो. म्हणाला, "हौसाबाई, मी माणूस नव्हे. घे, थेंब कशाला, लागेल तेवढं घे." आणि दिवा तिच्या बुधलीवर कलता केला. बुधली काठोकाठ भरली. दुसऱ्याच दिवशी त्यानं पाथरवट बोलावला, आणि तीनशेव्या हाताचा दगड स्वतः खांद्यावरून वाहिला.

पण आईचा दिवस यायचा तो वर्षाच्या शेवटीच. हौसा ते वर्षही थांबली. ते सगळ्यांत लांब गेलं.

मग डोंगरआळीची एकोणतिसावी संध्याकाळ आली. तात्या अगदी थकले होते. काठी टेकत टेकत दिवा घेऊन डोंगराच्या पायथ्याशी आले. हौसा तिथं उभीच होती. "आमचा झाला पोरी, तुमचा घे."

"घेतला, तात्या. सुखाचा जावो." तिनं बुधली दिव्यात ओतली. डोंगराच्या पहिल्या दगडालाच माहेरचा उंबरा मानून ओलांडला, तेव्हा काळोख पडला. पहाटे वेशीवर गेली. तिथं कुंभारआळीतले होते, साळीआळीतले होते, कवडीबाई नवं लुगडं नेसून उभी होती. हौसाला हाक मारायची होती आणि आवाज फुटेना. वीस वर्षांची हाक ती, एकदम कशी निघेल? दोनदा तोंड उघडलं, मिटलं. तिसऱ्यांदा ओरडली, "ये रे दिवसा! आज माझ्या माहेरी!"

आणि तांबडं फुटलं. तीनशेवा दिवस उगवला. डोंगरावरचा तो धूर हलला, वाकडा झाला, आणि वर जायला लागला.

हौसा पळत सुटली. चाळिशीची बाई, पण पळाली. वाट संपली, खोपटं आलं. गोजराबाई दारात होती. एक पाऊल उंबऱ्याच्या आत, एक बाहेर. नुकतीच डोंगर चढून आल्यासारखी धापा टाकत होती. अंगणात फणी पडलेली, फणीत हौसाचे काळेभोर केस. चुलीवरचं पाणी अजून गरम.

गोजराबाईनं वळून बघितलं. "कोण बाई तुम्ही?" ती म्हणाली. "हौशीच्या सासरच्या का? आत्ता तर गेली माझी लेक. राजा रागावला हो आमच्यावर. तिला काही बोलू नका तुम्ही. चूक माझीच होती."

 हौसा अंगणात जाऊन बसली. आईकडं पाठ केली, पदर खाली घेतला, वेणी सोडली आणि फणी मागं धरली.

गोजराबाईनं फणी घेतली. जरा दचकली. तिची बोटं केसांत गेली. एक भोवरा लागला. मग दुसरा. बोटं थांबली.

"हौशे?" ती म्हणाली. "अगं... पिकलीस की गं!"

मग दोघी रडल्या. मोकळ्या रडल्या. गोजराबाई म्हणत होती, "तुझं काहीच बघितलं नाही गं मी. बाळंतपण नाही, बारसं नाही, काही नाही." आणि हौसा म्हणत होती, "आई, आता सगळं सांगते. पण आधी टिचकी मार." आईनं दोन टिचक्या मारल्या. एका भोवऱ्यावर एक, दुसऱ्यावर एक.

तेवढ्यात कवडीबाई धापा टाकत वर आली आणि अंगणाच्या कडेला उभी राहिली. हौसा म्हणाली, "आई, ही पण तुझीच." गोजराबाई म्हणाली, "मग उभी का? बस की हिच्या मागं रांगेत."

त्या संध्याकाळी सूर्य पुष्कळ वेळ डोंगरावर बसून होता. खाली कुणी कुरकुर केली नाही. राजानं दवंडीच पिटवली होती, की आजच्या दिवशी पोरांना उजेडीच जेवायला घाला, आणि गोजराबाईला वाटेल तेव्हा दिवा येऊ दे. आणि तेव्हापासून त्या राज्यात वर्षाचा शेवटचा दिवस सगळ्यांत मोठा. लेकींनी माहेरी केव्हाही जावं, असंही राजानं ठरवलं. मंजुळा तर वर्षातनं चारदा यायला लागली. आणि हौसा नि तिची आई, दोघी एका वयाच्या, एकदमच म्हाताऱ्या झाल्या. अंगणात बसून एकमेकींचे पांढरे केस विंचरायच्या, आणि लांबून बघणाऱ्याला आई कोणती नि लेक कोणती कळायचं नाही.

काय गं चिंगे, माझ्याकडं काय बघतेस? हो, मला येते माझ्या आईची आठवण. म्हाताऱ्या माणसाला येऊ नये असं कुठं आहे? ये, डोकं इकडं कर. तुला एकच भोवरा आहे म्हणून गप्प बसतेस, नाहीतर...

चला, आता गुपचूप डोळे मिटा. ती सगळी माणसं तिकडं सुखात आहेत, तुम्हीही सुखात झोपा. मी दिवा बारीक करते. आमचा झाला, तुमचा घ्या.

झोपली वाटतं. बरं, मीच म्हणते. घेतला. सुखाचा जावो.